पूल कुणी बांधला ते नंतर, आधी खाली वाळू किती उरली ते बघा

२०२५च्या ९ जुलैला गुजरातमधला गंभीरा पूल पडला, चालत्या गाड्या मही नदीत गेल्या, २०च्या आसपास माणसं गेली, आणि त्याच आठवड्यात मी धुळ्याहून जळगावला एसटीनं येत होतो. पाळधी सोडल्यावर बांभोरीच्या, गिरणेवरच्या पुलाआधी गाडी अडकली आणि गाडीत तोच विषय निघाला जो दर पावसाळ्यात निघतो. माझ्या बाजूचे टोपीवाले बाबा म्हणाले, "इंग्रजस्ना पूल आजून उभा शे, भाऊ." मागच्या सीटवर इंजिनिअरिंगचा एक पोरगा होता, तो तावातावानं म्हणाला की बाबा, तेव्हा ४० टनांचे ट्रेलर होते का, आजची ट्रॅफिक त्या पुलांवर घाला मग बघू. मग कुणीतरी टक्केवारी काढली, कुणी सिमेंट काढलं, कुणी आमदार-खासदार काढले, गाडी जळगाव स्टँडला लागली तरी वाद चालूच. मधे आमची गाडी गिरणेवरून गेली. पन्नास-साठ माणसं पुलाबद्दल भांडत पुलावरून जात होती आणि एकानंही खिडकीतून खाली नदीकडे बघितलं नाही.

हा वाद चुकीच्या जागी चाललाय असं मला वाटतं, ते आधीच सांगून टाकतो. पूल किती टिकेल हे तो इंग्रजांनी बांधला की आपल्या पीडब्ल्यूडीनं यावर कमी ठरतं. तो कशावर उभा आहे आणि बांधून झाल्यावर त्याच्याकडे कोण बघतंय, यावर जास्त ठरतं. आणि आपल्याकडे, गिरणा-तापीच्या काठाला, तो ज्याच्यावर उभा आहे तीच वस्तू आपण रात्री डंपर भरभरून उचलून नेतोय. पुलाचा इतिहास सांगायचा म्हटलं की आपण भूमिपूजन सांगतो, उद्घाटन सांगतो, पडला तर पडल्याची तारीख सांगतो. पण मधली ४०-६०-९० वर्षं त्या पुलाखाली नदीचा तळ कुठं होता आणि आज कुठं आलाय? पुलाचं आयुष्य तर त्याच वर्षांमधे झिजतं ना, आणि ती कुठंच लिहिलेली नसतात.

आता बाबांचं म्हणणं मी उडवून लावणार नाही, कारण त्यात तथ्य आहे. जुन्या कामात घाई नव्हती, घडीव दगड होता, चुना नीट मळलेला होता, आणि मुख्य म्हणजे नोंद होती. जुनी गॅझेटियर चाळली तर कुठली नदी कुठं पायी उतरून जाता येते, कुठं नाव लागते, काठ किती उंच आहेत, १८७२ला पांझरेला पूर येऊन धुळ्यात घरादारांचं किती नुकसान झालं, हे सगळं मिळतं. प्रत्येक गावात आपापल्या पुलाबद्दल एक गोष्ट सांगतात, की इंग्लंडहून कंपनीचं पत्र आलं, पुलाची शंभर वर्षं संपली आता वापरू नका म्हणून. पत्र खरंच आलं की नाही ते सोडा, पण लोक ही गोष्ट इतक्या आवडीनं का सांगतात याचा विचार करा. कुणीतरी, अगदी सातासमुद्रापलीकडचा का होईना, आपला पूल लक्षात ठेवून बसलाय, ही त्या गोष्टीतली ओढ आहे. ती ओढ मला पटते. त्यावरून काढलेला निष्कर्ष मात्र पटत नाही.

कारण उभे राहिलेले पूल आपल्याला दिसतात आणि पडलेले दिसत नाहीत. आपल्या आज्या बघा. नव्वदीची आजी अजून विहिरीवरून पाणी आणते आणि आपण म्हणतो जुनं हाडपेर, तूप खाल्लेली माणसं. पण त्याच आजीची किती भावंडं पाळण्यातच गेली हे तिलाच विचारा. पुलांचंही असंच. बोरघाटातली रेल्वे १८६३ला सुरू झाली आणि १८६७ला त्या घाटातला मोठा दगडी व्हायाडक्ट, म्हणजे दरीवरचा पूल, कोसळला, म्हणजे चार वर्षांत. अहमदाबादचा एलिस ब्रिज आधी लाकडी होता, तो १८७५च्या साबरमतीच्या पुरात वाहून गेला, आज जो पोलादी दिसतो तो १८९२चा. आणि खुद्द त्यांच्या देशात स्कॉटलंडला टे नदीवरचा रेल्वेचा पूल १८७८ला सुरू झाला आणि दीड वर्षात, १८७९च्या डिसेंबरात, वादळात चालत्या गाडीसकट नदीत गेला. मोरबीचा झुलता पूल १९व्या शतकातला, जुनाच की, २०२२ला दुरुस्ती करून उघडला आणि चार दिवसांत १३५ माणसं मेली. मग जुना म्हणजे मजबूत हे कुठून आलं? आणि आपल्याकडची गोष्ट सांगायची तर आग्रा रोड इंग्रजांच्या काळातला हे सगळ्यांना माहीत असतं, पण १९व्या शतकात तापीवर सावळद्याला पक्का पूल नव्हता, रस्ता नदीकाठी येऊन थांबायचा आणि गाड्या-बैल-माणसं नावेतून पलीकडे जायची. ज्या गोष्टी त्यांनी बांधल्याच नाहीत त्या पडणार कुठून!

आणखी एक, हे मला फार महत्त्वाचं वाटतं म्हणून जरा थांबून सांगतो. वाळू आणि गाळाच्या नदीत पूल उभा करायचं जे तंत्र आहे, ज्याला आज वेल फाउंडेशन म्हणतात, ते मुळात आपल्या विहीर खोदणाऱ्यांचं. वाळूवर गोल विहिरीसारखं बांधकाम उभं करायचं आणि आतली वाळू उपसत जायची, बांधकाम स्वतःच्या वजनानं खाली उतरत जातं, वरून अजून बांधायचं, परत उपसायचं, असं करत खोल न्यायचं आणि मग भरून टाकायचं. ताजमहाल यमुनेच्या काठावर अशाच विहिरींच्या पायावर उभा आहे. गंगा-यमुनेच्या मैदानात रेल्वे नेताना इंग्रज इंजिनिअरांनी हीच युक्ती उचलली आणि वाढवली. म्हणजे आपण ज्याला इंग्रजांचा पूल म्हणून हात जोडतो त्याचा पाय बऱ्याचदा आपल्याच माणसांच्या हुनराचा असतो.

पोराचं म्हणणंही खोटं नाही. ट्रॅफिक वाढली, वजनं वाढली, ओव्हरलोड हा रोजचा प्रकार, आणि कामात पैसे खाल्ले जातात हे नाकारून मला कुणाची बाजू घ्यायची नाही. गंभीराचं तर प्राथमिक कारणच खांबावरचा पेडेस्टल, म्हणजे वरचा भाग ज्यावर टेकतो तो ठोकळा, आणि जोड चिरडले गेले असं सांगितलं गेलं, म्हणजे तिथं वाळूचा विषय नव्हता, तो पूल १९८५चा, स्वतंत्र भारतातला, ४० वर्षांतच गेला. प्रत्येक पुलाचं खापर मी वाळूवर फोडत नाहीये. पण तिथंही बघा, आजूबाजूची लोकं आधीपासून सांगत होती की पूल हलतो. २०१६चं महाडचं, सावित्री नदीवरच्या पुलाचं बघा. १९२८चा दगडी पूल, २ ऑगस्टच्या रात्री पुरात गेला, दोन एसट्या प्रवाशांसकट वाहून गेल्या, ड्रायव्हर अंधारात रस्ता समजून नदीत गेले. त्याच वर्षी मे महिन्यात त्या पुलाची तपासणी झाली होती आणि वाहतुकीला योग्य असा शेरा होता. एक पूल इंग्रजांचा, एक आपला, एक दगडी, एक काँक्रीटचा. दोन्हीत समान काय? कुणी बघितलं नाही, किंवा बघितलं ते वरून बघितलं, जिथून दुखणं दिसत नाही तिथून. त्यानंतर सावित्रीवर नवीन पूल १६५ दिवसांत उभा केला, त्याचं कौतुक झालं आणि व्हायलाच पाहिजे. म्हणजे बांधायला आपल्याला जमतं, फास्ट जमतं. सांभाळायला जमत नाही.

आता खाली येऊ. तापीच्या खोऱ्याची गंमत अशी की खडक हाताशी लागत नाही. धुळ्याला पांझरेत दगड दिसतो, पण यावल-रावेरकडे केळीवाल्यांना विचारा, बोअर शेकडो फूट गेला तरी नुसता गाळ आणि वाळू, खडकाचं नाव नाही. अशा ठिकाणी पुलाचा पाया खडकावर टेकलेला नसतो, तो वाळूत रुतलेला असतो, वाळूच त्याला चारी बाजूंनी धरून ठेवते. पूर आला की पाणी खांबाभोवती भोवरा करतं आणि तळ खरवडतं. किती खरवडेल याचा हिशोब इंजिनिअर आधी करतात, लेसी नावाच्या इंजिनिअरचं सूत्र आहे त्यासाठी, आणि खांबाजवळ त्याच्या दुप्पट खोल खरवडेल असं धरतात, मग पाया त्याच्याही खाली अजून एक तृतीयांश न्यायचा असा इंडियन रोड्स काँग्रेसचा नियम आहे. म्हणजे पुराच्या रेषेपासून ३० फूट खरवडणार असेल तर पाया ४० फुटांपर्यंत. ते खालचे जास्तीचे १० फूट म्हणजे पकड. ती पकडच पूल आहे, बाकी सगळं वरचं ओझं.

आता नदीचा तळच तुम्ही १२-१५ फूट खाली नेला तर? हिशोब करणाऱ्यानं जो तळ धरला होता तो आता हवेत आहे. खांब तोच, सिमेंट तेच, ठेकेदार प्रामाणिक असेल तर काम एक नंबर, आणि तरी पूल कमजोर झाला, कुणीही त्याला हात न लावता. पूल उन्हाळ्यात पडत नाही, उन्हाळ्यात त्याची पकड जाते. पडतो तो पावसाळ्यात, आणि मग आपण म्हणतो पूर आला म्हणून पडला.

हे काही फक्त पुस्तकातलं नाही. केरळात पंपा नदीवरचा रान्नीचा पूल १९९६ला पडला, तेव्हा वाळू उपशाकडेच बोट दाखवलं गेलं. २०२२च्या ऑगस्टात पंजाब-हिमाचलच्या सीमेवर चक्की नदीवरचा कांगडा लाइनचा रेल्वे पूल गेला, हा तर इंग्रजांच्या काळातला, तिथंही लोक वर्षानुवर्षं अवैध खाणकामाबद्दल ओरडत होते. आणि पोर्तुगालमधे डोरो नदीवर १८८०च्या दशकातला एक पूल होता, शंभर वर्षांच्या वर टिकलेला. नदीतून कित्येक वर्षं वाळू काढली, त्यातली परवानगी घेऊन काढलेलीही होती, आणि २००१च्या ४ मार्चला रात्री एका खांबाचा पाया गेला, बस आणि गाड्या नदीत, ५९ माणसं. मंत्र्यानं राजीनामा दिला. मजबूत बांधकाम तिथं होतंच की, शंभर पावसाळे काढले होते त्यानं. वाळू गेल्यावर त्या मजबुतीचा काय उपयोग झाला?

यावर गिरणाकाठचा माणूस काय म्हणतो ते मला माहीत आहे, कारण माझे नातेवाईकच आहेत त्यात. तो म्हणतो, नदी दरवर्षी नवीन वाळू आणून टाकते, आम्ही काढली नाही तर पात्र भरेल आणि पूर गावात घुसेल. हा मुद्दा सगळ्यात भारी आहे आणि एकेकाळी तो खराही होता. पण ती नदी आता राहिली का? वर चणकापूर आहे, नांदगाव तालुक्यातलं गिरणा धरण १९६९पासून आहे, खाली जामदा, दहिगाव बंधारे आहेत. धरण पाणी सोडतं, वाळू सोडत नाही. सह्याद्रीतून निघालेली वाळू धरणाच्या पोटात बसते. खाली येते ती मधल्या छोट्या नद्या-नाल्यांनी आणलेली, आणि तीही ज्या वर्षी नीट पूर आला त्या वर्षी. आपण खर्च करतोय ती व्याजाची वाळू नाही, मुद्दल आहे, हजारो वर्षांत साठलेलं. आणि मुद्दल संपल्याची पहिली खबर पूल देत नाही, विहिरी देतात. काठावरच्या ज्या विहिरींना एप्रिलपर्यंत पाणी असायचं त्या संक्रांतीनंतरच तळ दाखवायला लागतात, कारण वाळू म्हणजे नदीचा स्पंज आणि तो आपण घरांच्या स्लॅबमधे घातला.

दुसरा म्हणतो, मग घरं कशानं बांधायची? घरकुल मंजूर होतं, हप्ता येतो आणि वाळूचा भाव ऐकून बाई डोक्याला हात लावते. ट्रॅक्टरवाला पोरगा बी.ए. झालेला असतो, त्याला कुठं नोकरी नाही, ट्रॅक्टरचा हप्ता आहे. हे प्रश्न खरे आहेत आणि जो माणूस नुसतं वाळूमाफिया वाळूमाफिया करतो त्यानं यांचं उत्तर द्यायला पाहिजे. माझं उत्तर असं की वाळू काढूच नका असं कुणीच म्हणत नाहीये. पुलापासून ठराविक अंतरात काढू नका, एवढं तर कायदा आजही म्हणतो. २०१२ला सुप्रीम कोर्टानं दीपक कुमार केसमधे छोट्या खाणींनाही पर्यावरण मंजुरी सक्तीची केली, २०१६ आणि २०२०ला केंद्राची मार्गदर्शक तत्त्वं आली, त्यात कुठून किती काढायची ते दरवर्षी पात्र मोजून ठरवा असं लिहिलंय. मग पुलाच्या जवळच का काढतात? कारण तिथं रस्ता आहे. डंपर थेट हायवेला लागतो, डिझेल वाचतं. एवढंच कारण. म्हणजे कुणाच्या तरी दोन किलोमीटरच्या डिझेलसाठी आपण रोज हजारो माणसं ज्याच्यावरून जातात तो पाया विकतोय. घरकुलवाल्या बाईला त्यातून काही स्वस्त मिळत नाही, चोरीचीच वाळू तिला सगळ्यात महाग पडते.

तिसरं एक म्हणणं हल्ली नवीन आलंय, की आता फागणे-तरसोद चौपदरीकरण झालं, बायपासचा नवा पूल झाला, जुन्याची काय चिंता. याच्यावर फार बोलायचं नाही. बायपासनं जाणार ते सुरतहून नागपूरला जाणारे. पाळधी-बांभोरीचा माणूस, कॉलेजची पोरं, दूधवाले, दवाखान्यात जाणारी बाळंतीण, हे सगळे जुन्यावरूनच जाणार. आणि नवा पूलही त्याच गिरणेत उभा आहे, त्याची वाळू काय वेगळी आहे का?

मग करायचं काय? सावित्रीनंतर २०१६ला केंद्रानं पुलांची देशभर नोंद करायची सिस्टिम सुरू केली, प्रत्येक पुलाला नंबर दिला, चांगलं काम आहे. पावसाळ्याआधी आणि नंतर पूल तपासायचा असंही नियमात आहे. पण ते रिपोर्ट तुम्ही-आम्ही कधी बघितलेत? मला वाटतं प्रत्येक पुलाच्या तोंडाला एक पाटी पाहिजे, उद्घाटनाच्या पाटीएवढीच मोठी: पूल कधी बांधला, पाया किती खोल, बांधताना तळ कुठं होता, या वर्षी मे महिन्यात कुठं आहे, कुणी मोजला. बस. फक्त चार-पाच आकडे. ते वाचायला इंजिनिअर व्हावं लागत नाही. आणि त्यात भराव पण धरा, कारण सारंगखेड्याला २०२३च्या सप्टेंबरात तापीला पूर आला तेव्हा रस्ता तुटला तो पुलाला जोडणाऱ्या भरावाजवळ, आणि शहादा-दोंडाईचाच्या लोकांचे हाल झाले. पूल म्हणजे नुसते खांब नाहीत, हेही आपल्याला पडल्यावरच कळतं.

लोकांना काय कळतंय मोजमाप, असं म्हणणाऱ्यांना मी आपला फड दाखवतो. पांझरा, मोसम या नद्यांवर आपल्या लोकांनी तीन-चारशे वर्षं फड पद्धत चालवली, म्हणजे बंधाऱ्याचं पाणी गावानं मिळून शेतीला वाटून घ्यायची पद्धत. बंधारा सगळ्यांचा, पाट सगळ्यांचा, हवालदार, पाटकरी, जागल्या गावानं नेमलेले, कुणाच्या वावरात किती पाणी जाणार ते ठरलेलं, आणि हंगामाआधी पाट साफ करायला सगळे हजर. कुठला इंग्रज नव्हता, कुठली सिस्टिम नव्हती. दगडाचा बंधारा पुरात फुटला तर कुणी विचारत बसलं नाही की बांधला कुणी. फुटायच्या आधीच बघणारा माणूस ठेवलेला होता, त्याला धान्य दिलं जायचं आणि त्यानं बघितलं नाही तर जाब विचारला जायचा. पुलाला असा जागल्या का नसावा? पुलाच्या दोन्ही अंगाच्या ग्रामपंचायतींनी वर्षातून दोनदा खांबाजवळचा तळ मोजून ग्रामसभेत वाचून दाखवला तर कोण अडवणार आहे?

मी स्वतः करून बघितलं. यंदा मार्चमधे गिरणेवरच्या एका पुलाखाली उतरलो. वरून पूल छान दिसतो, कठड्याला पिवळा-काळा रंग, नवीन डांबर. खाली गेलो तर खांबावर फूट मोजायचे आकडे रंगवलेले आहेत, पुराची पातळी बघायला, आणि त्यातला सगळ्यात खालचा आकडा माझ्या डोक्याच्या वर होता. ज्यानं तो रंगवला तो वाळूवर उभा राहून, बहुतेक बसूनच, रंगवत असणार. त्याच्याखाली खांबाचा रंग वेगळा, आधी गुळगुळीत, मग खडबडीत, मग जी गोल विहीर कधीच दिसायला नको तिचा काठ, आणि त्याला लोंबणाऱ्या मुळ्या. मी खिशातला ऑइलपेंटचा छोटा डबा काढला आणि वाळू जिथं खांबाला टेकते तिथं एक लाल रेघ मारली, बाजूला तारीख घातली. जूनच्या पहिल्या आठवड्यात, पाऊस पडायच्या आधी, परत गेलो. मधे पिण्याच्या पाण्याचं एक आवर्तन सुटलं होतं, पण ते पलीकडच्या काठानं, घोट्याएवढं, त्या खांबापर्यंत आलंच नव्हतं. खांबाभोवती ट्रॅक्टरच्या चाकोऱ्या होत्या, ताज्या, एकीवर एक. रेघेपासून वाळूपर्यंत हात लावून मोजलं. पूर्ण एक हात आणि वर चार बोटं.

रेघेच्या खाली दुसरी रेघ मारली, तारीख घातली. दिवाळीनंतर परत जाणार आहे, कुणाला यायचं असेल तर सोबत चला, डबा माझ्याकडे आहे.